कळंबच्या कुंडाचं गार पाणी

मोतीबिंदू काढल्यावर नव्या डोळ्यांनी आधी काय पाहावं, तर कळंबचं चिंतामणीचं देऊळ. आईची माझ्याजवळ तिथलीच एक आठवण आहे. मी चार वर्षांचा असताना ती गेली.

नागपूरहून सकाळची यवतमाळ एसटी धरा. पंचाहत्तरी ओलांडली असेल तर तिकीट नाही, फक्त आधारकार्ड ठेवा. देवळी मागे पडली की दोन्हीकडे फुटलेली कपाशी, मधूनच तुरीच्या पिवळ्या ओळी. शाळेतल्या कविता आपोआप ओठांवर आल्या.

कंडक्टर म्हणाला, "कळंबले उतरजा बाबाजी. नाहीतर कविता म्हणत यवतमाळ गाठान."

स्टँडवर अक्का उभी होती. माझी थोरली बहीण, ऐंशी पार, तोंडात सुपारी. गरम आलूबोंडा-कढी खाऊन आम्ही देवळात गेलो. गर्दी टाळायची तर चतुर्थी सोडून जा. देऊळ जमिनीच्या पोटात आहे. पायऱ्या उतरताना वरचं ऊन मागेच राहतं. दर काही वर्षांनी कुंडाचं पाणी चढतं आणि गणपतीच्या पायांना लागतं, मग सारा मुलूख लोटतो.

मी अक्काला म्हटलं, "लहानपणी पाणी चढलं होतं, तेव्हा मी इथंच आईच्या कडेवर होतो. तिचं हिरवं लुगडं भिजलेलं, माझ्या पायांना गार पाणी."

"लुगडं निळं होतं. अन् तू कुठं होता? तुले गोवर निंघाला होता. मावशीपाशी ठेवून आलतो. आईचं बोट धरून मी होती."

"मग मला आठवतं ते?"

"मीच सांगे तुले, झोपवताना. तू रोज एक ओळ वाढवे. पहिल्यापासूनच कवी."

मला हसू आलं नाही. पायरीवर बसलो. आईचं म्हणून दुसरं काही नव्हतंच माझ्याकडे.

अक्काने माझ्या तोंडाकडे पाहिलं, सुपारी दुसऱ्या गालात सरकवली. मग म्हणाली, "आईनं लोटाभर पाणी घरी आणलं होतं. तापात तुह्या पायाले चोळलं. थेच गार लागलं असन."

"हे खरंच आठवतं तुला?"

"आता तं आठवून राह्यलं ना. काहून इतकं इचारतं?"

ओंजळीत कुंडाचं पाणी घेऊन तिने माझ्या पायांवर सोडलं.

घरी येऊन आठवडा झाला. अक्काला ते आठवलं की माझं तोंड पाहून सुचलं, कोण जाणे. पण देऊळ जरूर पाहा, आणि थोरलं कुणी असेल तर सोबत न्या. आईचा चेहरा मला कधीच आठवत नव्हता. आता डोळे मिटले की पाय चोळणारी आई स्पष्ट दिसते. ऐंशी पार, तोंडात सुपारी.