तुळस मीच उचलली

तारकर्लीच्या घरातून आम्हाला कोणी मारून हाकललं नाही. अंगणातली तुळस मी स्वतः उचलली. पदर खोचून, हसत हसत. माझ्याएवढी शहाणी बाई तेव्हा अख्ख्या किनाऱ्यावर नव्हती!

आमच्या पिढ्या तिथे जाळी विणत म्हाताऱ्या झाल्या, पण जमीन मालकाची. त्याने ती एका शेटला विकली. शेट सावंतवाडीकडचा, आपल्यातलाच. ओसरीवर बसून माझी सोलकढी प्याला. म्हणाला, "काकी, हॉटेल उभं राहीपर्यंत रस्त्यापलीकडच्या शेडमध्ये राहा. मग कोपऱ्यात तुम्हाला खोल्या बांधून देतो. तुळस तेवढी तुम्हीच हलवा. माझे गडी तिला हात लावणार नाहीत."

काकी म्हणाला ना! पाघळले.

मोठी जाऊ ओरडली, "गो बाय, तुळस गेली तर घर खंय ऱ्हवला?" मी तिलाच वेड्यात काढलं.

हॉटेल झालं. खोल्या कुठे दिसेनात. विचारायला गेले, डोक्यावर माशांची पाटी. शेट पाहुण्यांबरोबर जेवत होता. एक बाई नाकाला रुमाल लावून म्हणाली, "यांना मागच्या दाराने पाठवा ना."

शेट हसला. "काकी, तुळस जिथे, घर तिथे. तुमची तुळस तर पलीकडे आहे."

सगळे हसले. आणि मी? मीसुद्धा. दात काढून! तो बसून सुरमई खात होता तिथे माझी चूल होती. भिंतीपलीकडे माझी बाळंतपणं झाली होती. ते हसू शेडपर्यंत तोंडात राहिलं, नासक्या बांगड्यासारखं.

तुळशीच्या लग्नादिवशी कुंडी डोक्यावर घेतली आणि पुढच्या दाराने शिरले. रखवालदार आडवा आला, पण तुळशीला हात लावायची त्याची छाती होईना. गड्यांचीही नाही. शेटनेच तर सांगितलं होतं! जुन्या अंगणाच्या जागी, टेबलांच्या मधोमध कुंडी ठेवली आणि फतकल मारून बसले.

"काकी, उठा हो," शेट म्हणाला.

"मी तुझी काकी नाय. तुळस उचलून दाखव, मगे उठतंय."

कोणी उचलली नाही. दिवेलागणीला जाऊ आली. तुळशीला हळदकुंकू लावलं, माझ्याकडे वळली.

"तुळस इली जाग्यार. आता चूल खंय मांडूची ता सांग गो. लाकडां मी घेवन येतंय."