भिंतीपलीकडची मुलगी

अमेरिकेत, हर्नडनमधल्या आमच्या शेजारीणबाईंचं भूत मी त्या जिवंत असतानाच पाहिलं.

२००४ सालचा हिवाळा. बर्फामुळे ऑफिस बंद. मी घरीच लॅपटॉप उघडून बसलो होतो (काम करत होतो, असा मॅनेजरचा समज होता). नागपूरहून आलेली आई सोफ्यावर. दुपारी चारला भिंतीपलीकडून तीनदा टकटक झाली. मग हुंदके देत बोलणाऱ्या एका लहान मुलीचा आवाज. भाषा अनोळखी. आणि तिच्या सुरात सूर मिसळून तेच शब्द कुणीतरी म्हाताऱ्या, घोगऱ्या आवाजात पुटपुटलं!

पलीकडे हलिनाबाई राहायच्या. साठी उलटलेल्या, मूळच्या पोलंडच्या, एकट्या. मूल नाही, नातू नाही, मांजरसुद्धा नाही.

"टीव्ही असेल," माझी बायको मीरा म्हणाली.

दुसऱ्या दिवशी चारला तीच टकटक, तेच शब्द, तेच हुंदके. तिसऱ्या दिवशीही!

"टीव्हीवर रोज तेच कोण दाखवतं, यार?" मी म्हणालो.

"लेकरू कोंडलं हाय बाप्पा कोणी!" आई उठलीच. "जा, पाहून ये. काहून बसून राहिला?"

गेलो. (आई मागे दारात उभी, परत फिरायची सोय नव्हती.) बेल वाजवली, उत्तर नाही. दार ढकललं तर उघडंच! आत पडदे ओढलेले, अंधार, कसलीशी खरखर. समोर सात-आठ वर्षांची मुलगी. पांढरीफटक. तिच्या पोटातून भिंतीवरचं घड्याळ दिसत होतं! हलिनाबाई तिच्यासमोर उभ्या, आणि दोघींचे ओठ एकाच वेळी हलत होते. मुलगी वळली. थेट माझ्याकडे बघून हसली.

मी किंचाळलो. पळताना पाय वायरीत अडकला, स्टुलावरचं काहीतरी धाडकन पडलं आणि मुलगी नाहीशी झाली.

दिवा लागला. जमिनीवर प्रोजेक्टर, त्याच्यावर मी, माझ्या गळ्यात तुटलेली फिल्म.

"तू मला तोडलंस," हलिनाबाई शांतपणे इंग्रजीत म्हणाल्या.

किंकाळी ऐकून आई आणि मीरा धावत आल्या. मग उलगडा झाला. ती मुलगी म्हणजे हलिनाबाईच! हुकमी रडता यायचं म्हणून सातव्या वर्षी पहिला सिनेमा मिळाला, तोही दार ठोठावत घरी परतणाऱ्या मेलेल्या मुलीचा रोल. विशीपर्यंत चौदा सिनेमे. मग लग्न करून अमेरिकेत आल्या. इथे त्यांच्या उच्चारांना कुणी काम देईना. तीस वर्षं एका दुकानात लोकांच्या पँटी आखूड करत राहिल्या.

"नवरा गेला, पोलिश बोलायला कुणी उरलं नाही," त्या म्हणाल्या. "म्हणून रोज हिच्याशी बोलते. हे एकच रीळ आहे माझ्याकडे."

मी गळ्यातली फिल्म हळूच काढून त्यांच्या हातात दिली.

त्यांनी कात्री आणि चिकटपट्टी काढली, फाटलेला तुकडा कापला, टोकं जोडली. दिवा मालवला. प्रोजेक्टर खरखरला. मुलगी आली! फक्त आता वळता वळता ती मध्येच नाहीशी झाली आणि एकदम फूटभर जवळ उगवली. अंगावर सर्रकन काटा आला.

"छान!" हलिनाबाई खूश. "दिग्दर्शकाला हे जमलं नव्हतं."

मग माझ्याकडे वळून म्हणाल्या, "चौदा सिनेमे केले, पण इतकी खरी किंकाळी एकाही नटानं फोडली नाही. कुठे शिकलास?"

मीरानं ते आईला मराठीत सांगितलं. आईचा चेहरा अभिमानानं फुलला.

"सांग तिले, हा बी लहानपणापासूनच किंचाळते. झुरळ दिसलं तरी!"

आणि मीरानं, एकही शब्द न गाळता, त्याचं इंग्रजी केलं.