नमाजाच्या रांगेतली खुर्ची

बाकारी सिलुए रोज सरावाला यायचा तो आधी किटरूमच्या दाराशी. तिथे दुधाच्या बाटल्यांचा एक प्लास्टिकचा क्रेट पालथा पडलेला असे. त्यावर बसायचा, उजवा पाय सरळ पसरायचा, आणि जुन्या टूथब्रशने आपले बूट घासायला घ्यायचा. बूट घासणं हे खरं तर हारून सोलकरचं काम. क्लबच्या जर्सी, मोजे, बूट, बॉल असं सगळं तोच सांभाळायचा. पहिल्या आठवड्यात त्याने बूट मागून पाहिले होते. बाकारी हसला होता.

"नको, हारूनभाई. बूट दुसऱ्याच्या हातात दिले की खेळाडू म्हातारा होतो."

बाकारी चौतिशीचा होता. फुटबॉलमध्ये तो म्हातारा होऊन बरेच दिवस झाले होते, आणि हे दोघांनाही माहीत होतं.

तो मूळचा आयव्हरी कोस्टचा, उत्तरेकडच्या कोरहोगोचा. वडील कापसाचा ट्रक चालवायचे. आखातातल्या या क्लबने त्याला साइप्रसहून आणलं तेव्हा हारूनला वाटलं होतं, युरोपात खेळून आलेला माणूस, तोऱ्यात असणार. पण या माणसाने पहिल्याच दिवशी सफाईवाल्या बंगाल्यापासून गेटवरच्या पहारेकऱ्यापर्यंत सगळ्यांशी हात मिळवला, आणि दुसऱ्या दिवशी सगळ्यांना नावाने हाक मारली. भाषा त्याची त्यालाच ठाऊक. थोडी फ्रेंच, थोडी अरबी, इंग्रजीचे तुकडे, आणि हारूनकडून उचललेलं हिंदी. त्या खिचडीतूनच दोघं बोलायचे आणि कुठे अडायचे नाहीत.

दोघांत एक गुपित होतं. सराव संपला, बाकीचे निघून गेले, की बाकारी किटरूममध्ये यायचा आणि म्हणायचा, "दार लावा." मग लांब मोजा खाली सरकवायचा. आत गुडघ्याला घट्ट पट्टी असायची आणि पट्टीच्या वरखाली सूज. हारून कोपऱ्यावरच्या बकाल्यातून, म्हणजे किराणा दुकानातून, बर्फाच्या पिशव्या आणून ठेवायचा. बर्फ लावून झाला की मगरिबचा, सूर्यास्ताचा नमाज. सरळ रेषेत बाकारी अजूनही विशीतल्या पोरांना मागे टाकायचा, पण गुडघा पूर्ण दुमडत नव्हता. सजद्यात कपाळ जमिनीला टेकणं, टाचांवर बसणं जमत नव्हतं. म्हणून हारून धुण्याच्या टोपल्या बाजूला सारून एक खुर्ची मांडायचा. बाकारी खुर्चीवर आणि हारून शेजारी जमिनीवर, अशी त्या साबणाच्या वासात दोघांची जमात, म्हणजे एकत्र नमाज, व्हायची.

क्लबच्या नमाजखोलीत बाकारी जात नसे. घरी पढतो, असं सांगायचा. तिथे खुर्चीवर बसला असता तर दुसऱ्या दिवशी डॉक्टरने गुडघा पाहिला असता. आणि डॉक्टरने पाहिला असता तर क्लबचा मुदीर, म्हणजे व्यवस्थापक अबू तलाल, त्याने परतीचं तिकीट काढलं असतं. परदेशी खेळाडूंच्या जागा मोजक्या. त्यातली एक अडवून बसलेला लंगडा माणूस कोण ठेवून घेईल?

"सीझन संपेपर्यंत बस," बाकारी म्हणायचा. "मे महिना."

"मग?"

"मग घरी. पण सांगून."

हे 'सांगून' म्हणजे काय ते हारूनला हळूहळू कळलं. बर्फात पाय बुडवून बसल्यावर बाकारी एकेका गावाबद्दल बोलायचा. अठराव्या वर्षी तो बेल्जियममधल्या एका नदीकाठच्या गावी गेला. तिथे पहिल्यांदा बर्फ पडला तेव्हा त्याला वाटलं, आता बॉल कोणाला सापडणार? दोन वर्षं खेळला, आणि एका सकाळी सरावाला गेला तर गेटला कुलूप. क्लब विकला गेला होता. परदेशी पोरांना सांगायचं कोणाच्या लक्षातच आलं नव्हतं. मग उत्तर फ्रान्स. तिथली वर्षं चांगली गेली. स्टँडमधले लोक त्याच्या नावाचं गाणं म्हणायचे, बेकरीवाली बाई पैसे घ्यायची नाही. तिथून जानेवारीतल्या एका दुपारी फोन आला की सामान भर, संध्याकाळच्या विमानाने इझमिरला जायचंय. घरमालकिणीच्या मांजराला दूध घालून आला होता, ते पुरतं प्यालंही नसेल. इझमिरमध्ये पगार थांबला म्हणून निघावं लागलं. थेस्सलोनिकीत गुडघ्याचं पहिलं ऑपरेशन झालं. तो दवाखान्यात होता तेव्हाच त्याच्या नंबरची जर्सी दुसऱ्याला दिली गेली. साइप्रसच्या लिमासोलने करार फोनवरच संपवला.

"इतक्या गावांत राहिलो, हारूनभाई. एका गावालाही खुदा हाफिज म्हणून निघालो नाही. प्रत्येक वेळी मागच्या दाराने. माझी कुठलीच शेवटची मॅच मी शेवटची म्हणून खेळलो नाही. एकदा खेळायची आहे. शिट्टी वाजली की मैदानाला पूर्ण फेरी मारायची. स्टँडमध्ये चार माणसं असली तरी चालतील. त्या चौघांना हात करून जायचं."

"मी असेन," हारून म्हणाला होता. "मी धरून पाच."

बाकारी खूप हसला होता.

एप्रिलच्या सुरुवातीला, उन्हाळा अंगावर यायच्या आधी, अबू तलालने सगळ्या संघाला खैरानच्या आपल्या शालेवर, म्हणजे सुटीच्या बंगल्यावर, जेवायला बोलावलं. समुद्राकाठचं ऐसपैस घर आणि पुढे हिरवळ. क्लबची बस अफताब चालवायचा. तो श्रीवर्धनचा, हारूनहून दहा वर्षांनी लहान आणि जिभेला हाड नसलेला. हारून त्याच्या मागच्या सीटवर बसला होता आणि बोलता बोलता फुशारक्या मारत होता. बाकारी मला विचारल्याशिवाय काही करत नाही, बाकारी माझ्या घरी जेवतो, बाकारीने मला फ्रान्समधल्या घराचे फोटो दाखवले.

अफताबने आरशातून बघितलं. "हारूनभाय, तुमी त्याचे मोजे धुता ना?"

"मग?"

"मग काय नाय. मोजे धुणाऱ्याला दोस्त कोण बोलतं, ते इचारत होतो. बगा तितं, पुढं बसलाय तुमचा दोस्त. सुवैखचा क्लब सोडल्यापासून येकदा तरी मान वळवलान?"

बसमधली दोन-तीन माणसं हसली. हारूनही हसला, कारण न हसणं जास्त वाईट दिसलं असतं.

शालेवर मोठमोठ्या थाळ्यांतून मच्छीचा भात आला. सगळे गालिच्यांवर मांड्या घालून बसले. बाकारीने ताटली हातात घेऊन उभ्या उभ्या, पोरांची थट्टा करत जेवण उरकलं. कोणाला काही वाटलं नाही. हारूनकडे त्याने पाहिलं नाही. पाहायचं कारणही नव्हतं. पण अफताब लांबून भुवया उडवत राहिला, आणि प्रत्येक वेळी हारूनने नजर थाळीकडे वळवली.

सूर्य पाण्यात गेला तसा गोलकीपरांच्या इजिप्शियन प्रशिक्षकाने अजान दिली. हिरवळीवर गालिचे सरळ केले गेले. बाकारी घराच्या दिशेने सरकू लागला. आत जाऊन एकटा पढणार, हे हारूनला कळलं. तेवढ्यात अबू तलालने त्याचा दंड धरला. "या अबू बकर!" तो लाडाने त्याला असंच म्हणायचा. "आज तरी आमच्याबरोबर पढ." आणि त्याला पहिल्या रांगेच्या टोकाला, आपल्याजवळ उभं केलं.

हारून मागच्या रांगेत होता. पोहण्याच्या तलावाशी पांढऱ्या प्लास्टिकच्या खुर्च्या होत्या. पुढे सगळ्यांना त्याने सांगितलं की हाताची सवय होती, रोज मांडतो तशी मांडली. ते खोटं नव्हतं. पण खुर्ची उचलण्याआधी त्याने मान वळवून अफताबकडे पाहिलं होतं. अफताब बघतोय याची खात्री झाल्यावरच तो चालत गेला, खुर्ची दोन्ही हातांनी उचलून आणली, बाकारीच्या मागे ठेवली आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवला. मोजे धुणारा माणूस इतक्या जवळचा असतो, हे दाखवायला.

अबू तलालने विचारलं, "खुर्ची कोणाला?"

बाकारीने खुर्चीकडे पाहिलं. हारूनकडे पाहिलं. मग हसून, फार हळुवारपणे, तळहाताने ती खुर्ची मागे सरकवली. "कोणाला नाही. हारूनभाई थकले असतील," म्हणाला, आणि हात बांधून उभा राहिला.

हारूनने त्या नमाजात काय पढलं ते त्याला आठवत नाही. नजर सजद्याच्या जागेवर असायला हवी होती, ती पुढच्या रांगेतल्या एका पावलावर होती. बाकारी पूर्ण खाली गेला. गुडघा दुमडून, टाचांवर, सगळ्यांसारखा. पाऊल थरथरत होतं. पुन्हा उठला, पुन्हा गेला. शेवटच्या बैठकीत ते पाऊल थरथरायचं थांबलं, आणि हारूनला ते थांबणं जास्त भयंकर वाटलं.

सलाम होऊन नमाज संपला. लोक उठले, हातात हात देत गप्पांना लागले. बाकारी बसून राहिला. दुआ मागत असेल म्हणून कोणी बोललं नाही. मग त्याने एक हात जमिनीला टेकला. "हारूनभाई," त्याने हाक मारली, अगदी साध्या आवाजात. गुडघा आत अडकला होता. तो सरळ होईना. कपाळावरून घाम नाकाच्या शेंड्यापर्यंत आला होता, आणि त्याला उठवायला चार माणसं लागली. ती रिकामी खुर्ची तेव्हा जवळ ओढली गेली.

तपासण्या झाल्या. गुडघ्यातली गादी फाटून सांध्यात अडकली होती. जुनं दुखणं आहे, लपवलं गेलं, असं डॉक्टरने लिहिलं. क्लब काही वाईट वागला नाही. करारात होतं ते दिलं, तिकीट काढलं, नावाची जर्सी काचेत घालून भेट दिली. फक्त थांबू दिलं नाही. सीझनचे थोडेच सामने राहिले होते.

जायच्या आधी हारूनने त्याला सबाह अल-सालेम भागातल्या आपल्या घरी जेवायला आणलं. हारूनच्या बायकोने, सईदाने, सुरमईचं सालन केलं होतं आणि तांदळाच्या भाकऱ्या. एरवी ते खाली दस्तरखान अंथरायचे. त्या दिवशी तिने शेजारच्या रुकय्याकडून टेबल मागून आणलं. बाकारीने कुबड्या भिंतीला टेकवल्या आणि भाकरी मोडत म्हणाला, "सईदाबाजी, त्या दिवशी तिथे सगळा क्लब होता. माझं दुखणं दिसलं ते फक्त यांना. इतक्या गावांत खेळलो, माझ्यासाठी खुर्ची कोणी आणली नव्हती."

सईदाचे डोळे भरले. "मी बोलले ना वो तुमाला," ती नवऱ्याला म्हणाली. "सवाबाचं काम केलंत. पुढं काय झालं ते अल्लाची मर्जी."

"पाणी दे," हारून म्हणाला.

त्यानंतरचे दिवस त्याला हेच छळत राहिलं. कोणी एकाने तरी दोष द्यायला हवा होता. अफताबनेही दिला नाही. उलट एकदा जवळ येऊन म्हणाला, "हारूनभाय, माफ करा, दोस्त असावा तर तुमच्यासारखा." मशीन फिरत असायचं, हारून मोजे जोडीने लावत बसायचा, आणि प्रत्येकाची ती मेहरबान नजर अंगावर घेत राहायचा. वाळूच्या वादळानंतर धूळ सगळ्या फटींत बसते तशी ती गोष्ट आत बसली होती. कितीही झटकली तरी कुठून तरी पुन्हा निघायची.

विमानतळावर बाकारीला हारूनच घेऊन गेला. निघायच्या दारासमोर गाड्यांची रांग होती. हारूनने बॅगा ट्रॉलीवर चढवल्या, कुबड्या हातात दिल्या. बाकारी मोकळ्या चेहऱ्याने उभा होता. त्याने एकवार मागे वळून रस्त्याकडे, खजुरीच्या झाडांकडे, धुळीने पिवळ्या झालेल्या आकाशाकडे पाहिलं, आणि हात थोडासा वर नेला. काहीतरी म्हणणार होता.

हारूनला वाटलं, आता नाही तर कधीच नाही.

"बाकारी, ती खुर्ची," तो म्हणाला. "मी तुझ्यासाठी नाही आणली. अफताब मला हसला होता. त्याला दाखवायचं होतं की मी तुझा कोण आहे. तू नको म्हणशील हे मला ठाऊक होतं. तरी आणली."

बाकारीचा वर गेलेला हात खाली आला. तो हारूनकडे बघत राहिला. चेहऱ्यावर राग नव्हता. राग असता तर हारूनला धरायला काहीतरी मिळालं असतं. कुठल्याशा जुन्या गावाच्या कुलूप लावलेल्या गेटकडे बघावं, तसं ते बघणं होतं. मागून हॉर्न वाजला. लांबून एक पोलीस गाड्यांच्या काचांवर थाप मारत येत होता.

बाकारीने ट्रॉलीचा दांडा धरला, कुबडी काखेत नीट बसवली.

"गाडी काढा, हारूनभाई," तो म्हणाला. "इथे दंड करतात."