हंसवर्मा, गोत्र काश्यप

दुसऱ्या महायुद्धात उडालेलं एक जर्मन लढाऊ विमान अजून खाली उतरलेलं नाही, आणि त्याची काळजी वाहणारा उभ्या पृथ्वीवर एकच माणूस होता, तो म्हणजे आमच्या सौभाग्यवतींचे मामा. मामा एका तालुका कचेरीत कारकून म्हणून लागले आणि कारकून म्हणूनच निवृत्त होऊन धारवाडात येऊन राहिले. विमानात ते जन्मात बसले नाहीत. झोपाळ्यावरसुद्धा एक पाय जमिनीला टेकवून बसत. पण हुबळीला दुर्गदबैलच्या बाजारात मामींसाठी स्टोव्हच्या वाती आणायला गेले असताना एका हातगाडीवर त्यांना हान्स नावाच्या जर्मन वैमानिकाचं इंग्रजी चरित्र मिळालं आणि वाती राहिल्या तिथंच. पुस्तकाची शेवटची पानं फाटलेली होती. उरलेल्या शेवटच्या पानावर हान्स समुद्रावर होता, खाली धुकं होतं आणि पेट्रोल संपत आलं होतं. त्यापुढे पुस्तकच नव्हतं.

मामांनी पहिल्याच दिवशी हान्सचा हंसराव करून टाकला. नावच हंस, तो उडणार नाही तर काय करणार, असं त्यांचं म्हणणं. हंसरावाची कारकीर्द ते कचेरीच्या भाषेत सांगत. पहिलं पोस्टिंग फ्रान्सला, काम चोख, पण वरच्याशी पटलं नाही म्हणून ऐन थंडीत रशियाला बदली, तीही चार्ज द्यायला वेळ न देता. तिथं दोन विमानं मोडली तर लगेच मेमो. मागून आलेला ज्युनिअर कॅप्टन झाला आणि हंसराव आपला लेफ्टनंटच. इथं आल्यावर मामांचा आवाज हमखास जड होई, कारण त्यांच्याही मागून आलेले दोघे हेडक्लार्क होऊन गेले होते. हिटलरच्या माणसाचा एवढा पुळका कशाला, असं मामींनी एकदा स्पष्टच विचारलं. त्यावर मामा म्हणाले, "त्याचा साहेब नालायक होता, मान्य. माझा कुठं चांगला होता?" या तुलनेत मामांच्या साहेबांवर अन्याय होत होता, पण मामांना तो दिसत नसे.

शत्रू नेहमी उन्हातून येतो, हे हंसरावाकडून शिकलेलं. त्यामुळे मामा घराबाहेर पडले की आधी एक डोळा मिटून अंगठ्यानं सूर्य झाकायचे आणि त्याच्या आजूबाजूचं आकाश तपासून घ्यायचे. एकदा भर दुर्गदबैलात त्यांची ही तपासणी चालू असताना मागून कांद्यांची हातगाडी येऊन धडकली. मी धावत जाऊन त्यांना उठवलं, तर धोतर झाडत मला म्हणाले, "जावईबापू, हा सावलीतून आला की हो." संध्याकाळी ते बस पकडून हुबळीच्या विमानतळाच्या कुंपणाशी जाऊन उभे राहत. त्यांचं स्वतःचं कुणी येणारं नसे, जाणारं नसे. विमानाची चाकं टेकेपर्यंत तोंडातलं पान चावायचं नाही, आणि टेकली की "उतरलं एकदाचं" म्हणून चहाला जायचं. एकदा पावसामुळे विमान बेळगावला वळवलं. मी मोबाईलवर बातमी दाखवली, तर "तुम्ही बघितलंत का?" म्हणाले आणि जागचे हलेनात. शेवटी बेळगावच्या आमच्या साडूंना भिजत विमानतळावर पाठवून त्यांची साक्ष काढली, तेव्हा कुठं मामांनी पान चावलं.

बेपत्ता माणसाची बारा वर्षं वाट बघतात आणि मग त्याचं श्राद्ध करतात. हंसरावाची तर कितीतरी बारा वर्षं उलटून गेली होती. तेव्हा एका सर्वपित्री अमावास्येला वाडवडिलांना पाणी देऊन झाल्यावर मामांनी त्याचं नाव काढलं. मामांचे आणि आमचे भटजी एकच, ते प्रत्येक नावानंतर कानडीत "मत्त?" म्हणतात, म्हणजे आणखी कोण. मामा म्हणाले, आणखी हंसराव. भटजींनी गोत्र विचारलं आणि मामा गडबडले.

"गोत्र गोत्तिल्लेनरी?" भटजी म्हणाले. "काश्यप अनरी."

म्हणजे ठाऊक नसेल तर काश्यप म्हणा. गोत्र ठाऊक नसेल त्याला काश्यपच लावतात, त्यामुळे तो प्रश्न मिटला. मग शर्मा म्हणायचं की वर्मा, यावर थोडी चर्चा झाली. लढाईवर होता म्हटल्यावर भटजींनी त्याला क्षत्रिय ठरवला, आणि जर्मनीचा हान्स धारवाडच्या पाटावर काश्यपगोत्री हंसवर्मा झाला. ज्या अंगठ्यानं मामा सूर्य झाकत, त्याच अंगठ्यावरून त्यांनी तीळपाणी सोडलं. तेवढ्यात स्वयंपाकघरातून मामी म्हणाल्या, "आणि त्यानं पाडले त्यांना कोण देणार पाणी?" मामांच्या हातातली पळी हातातच राहिली. त्या वर्षापासून त्या सगळ्यांनाही पाणी सुरू झालं. एकूण किती मंडळी आहेत, असं भटजींनी विचारलं तेव्हा मामा म्हणाले, पुस्तकात मोघम आहे, सगळ्यांना मिळून सोडा.

हंसराव पुढे उतरला की पडला ते मोबाईलवर मिनिटात बघून देतो, असं मी एकदा म्हणालो. मामांनी माझा हातच धरला. "नको. उतरला असेल तर मी जिवंत माणसाला तीळपाणी दिलं असं होईल. आणि पडला असेल तर मला ऐकायचं नाही."

गेल्या उन्हाळ्यात मामांनी अंथरूण धरलं. त्यांना मूलबाळ नव्हतं, म्हणून मीच जाऊन बसायचो. एका दुपारी मला जवळ बोलावून म्हणाले, "माझं बघेल की हो कुणीतरी. हंसरावाचं काय? माझ्यामागे त्याला कोण आहे?" मी बघतो म्हणालो. त्यांनी दोनदा मान हलवली आणि डोळे मिटून घेतले. पुढच्या आठवड्यात ते गेले.

त्या वर्षी सर्वपित्रीला मामी आमच्याकडेच होत्या. मी वडिलांना पाणी दिलं, आजोबांना दिलं, मग मामांचं नाव घेतलं. भटजी "मत्त?" म्हणाले. पाठीमागे आमचे चुलते आणि भाऊ बसले होते. त्यांच्यासमोर एका जर्मन लेफ्टनंटचं नाव कसं घ्यावं ते मला कळेना, आणि मी पळी धरून नुसता बसून राहिलो.

भटजींनी वर बघितलंसुद्धा नाही. "हंसवर्मा, काश्यप," ते आपणहून म्हणाले आणि मंत्राला लागले.

मी अंगठ्यावरून पाणी सोडलं. "आणि ते बाकीचे," मामी आतून म्हणाल्या, त्यांनाही सोडलं. सगळं पाणी एकाच ताम्हनात मामांच्या पाण्यावर पडत होतं, आणि मला मामांची फार आठवण आली.