आदरार्थी बहुवचन

ऐंशीच्या दशकात आम्ही अमेरिकेत नेपरव्हिलला भाड्याच्या दोन खोल्यांत राहायचो, आणि आमच्यात तिसरा एक रोमन सेनापती राहायचा. आमचे हे त्याच्यावर पीएचडी करत होते. परक्या टोळीतल्या बापाचा हा मुलगा साधा घोडेस्वार म्हणून लागला आणि साऱ्या फौजेचा प्रमुख झाला. मग दरबाऱ्यांनी पोरसवदा सम्राटाचे कान भरले आणि गद्दार म्हणून त्याचं मुंडकं उडवलं. त्याच्यावरचा तो डाग धुऊन काढायचा विडा आमच्या ह्यांनी उचलला होता. जगात दुसरं कामच नव्हतं जणू!

सगळी मदार एका जुन्या लॅटिन बखरीतल्या ओळीवर होती. वेढ्यात अडकलेल्या गावाबद्दल तिथं लिहिलं होतं, 'आले, लढले, रडत परत गेले.' कोण, ते लिहिलेलं नव्हतं. आधी पानभर सेनापतीचंच वर्णन होतं, तेव्हा हे म्हणायचे, तोच गाव सोडवायला आला असणार, आणि गद्दार असा कशाला येईल? सगळा प्रबंध मी टाइप केला. मलाही काही खटकलं नाही. आपल्याकडे मोठा माणूस 'आले'च की. इतकी वर्षं लॅटिन घोटूनही ह्यांची मराठी काही आतून हलली नव्हती.

प्रोफेसर इतके दिवस ह्यांचं इंग्रजी भाषांतर वाचत होते. शेवटी त्यांनी मूळ ओळ काढून पाहिली. म्हणाले, लॅटिनमध्ये एका माणसाला 'आले' म्हणत नाहीत. आले ते शिपाई. सेनापती तिथं नव्हताच.

हे घरी येऊन बर्फातल्या बुटांसकट कॉटवर बसले. "थीसिस गेला," म्हणाले. "फंडिंग पण कॅन्सल केलं."

"अहो, एका ओळीनं काय होतं? बाकीचं आहे ना?"

"बाकीचं त्या ओळीवरच उभं होतं."

मला प्रोफेसरांचा राग आला, त्या मेलेल्या सेनापतीचाही आला. पुढं हे ओळखीच्या एका काकांच्या वाणसामानाच्या दुकानात उभे राहायला लागले. पुस्तकं कुणाला तरी देऊन टाकली.

एका सकाळी मी नेहमीसारखं म्हटलं, "अहो, चहा झालाय."

"अहो नको म्हणू," हे खाली बघतच म्हणाले. "अरे म्हण. एकटाच माणूस आहे मी."

लग्नापासूनची सवय, 'अरे' काही तोंडातून निघेना. 'अहो' म्हटलं की ह्यांचा चेहरा पडायचा. शेवटी मी त्यांना हाक मारायचंच सोडून दिलं.