थेंबाईचं गाणं आणि राहून गेलेलं नाव

हे लिहायचं मी तीन आठवडे टाळलं, कबूल करते. आधी मोबाईलचा चार्जर सापडत नव्हता. सापडला तेव्हा मी तुळजापूरला निघाले होते. परत आले तर शेजारच्या काकूंच्या मांजरीला पिल्लं झालेली. आता सोलापुरात, शुक्रवार पेठेत व्यंकटेशच्या घरी वरच्या खोलीत बसलेय. लिहून झाल्याशिवाय चहा नाही, असं त्यानं बजावलंय.

व्यंकटेश माझा शाळेतला मित्र. त्याच्या घरी सगळे तेलुगूत भांडतात आणि मराठीत मिटवतात. गेली तीन वर्षं तो मोबाईलवर ऐकायची एक गोष्ट रचतोय. सातवाळू नावाचा देश, चहूकडे वाळू, आणि त्यांची देवी थेंबाई. तिचं गाणं म्हटलं की आटलेल्या विहिरीला पाणी लागतं. सगळी गोष्ट तयार, फक्त हे गाणं जमेना. त्याची चाल ऐकून त्याची आई म्हणाली, हे टूथपेस्टच्या जाहिरातीचं वाटतंय. त्या दिवशी तो जेवला नाही. मग मीच म्हटलं, चल सांगोल्याकडं, माळावरच्या धनगरांच्या ओव्या ऐकू.

सकाळी साडेसहाला स्कूटरवर निघालो. जाणार असाल तर थंडीतच जा, आणि कानटोपी घ्या, कारण हायवेवर वारा आडवा लागतो. पेट्रोल तीनशेचं पुरतं. मंगळवेढ्यापर्यंत रस्ता इतका गुळगुळीत की मला गाणी सुचत होती, सगळी फालतू. मंगळवेढ्याजवळ शेतात हुरडा भाजत होते. पाच मिनिटं म्हणून थांबलो ते दीड तास. गरम कणसं चोळताना हात काळे होतात, पण गूळ आणि शेंगाचटणीबरोबर खाताना कोण बघतंय?

सांगोला ओलांडून हायवे सोडला. पुढचे आठ किलोमीटर लोक रस्ता म्हणतात, आपणही म्हणायचं. तिथं एक कळप आडवा आला. मागं पडलेलं कोकरू मी उचललं आणि कळपाबरोबर चालू लागले. व्यंकटेश स्कूटर ढकलत मागून शिव्या देत होता. कळप जिथं थांबला ते बिरूमामांचं घर. कोकरू त्यांचंच. आणि मामा या भागातले ओवी म्हणणारे. कधीकधी वाट चुकण्याचे पैसे वसूल होतात.

पण मामा म्हणाले, "ओवी म्हनत न्हाय आता."

कारण त्यांच्या बायकोनं, सखूमामींनी, चुलीपाशी सांगितलं. ओवीच्या आधी सुंबरान मांडतात, म्हणजे देवाची, गुरूची आणि सोबत गाणाऱ्यांची नावं घेऊन आठवण करायची. दोन वर्षांपूर्वी जत्रेत कुणीतरी मामांच्या हातात पाहुण्यांच्या नावांची चिठ्ठी दिली. मामांनी सगळे पाहुणे घेतले, आणि तीस वर्षं त्यांच्या मागं झील धरणारा, म्हणजे प्रत्येक ओळीचं शेपूट उचलून म्हणणारा म्हाळू, तेवढा राहिला. म्हाळूतात्या भर जत्रेत ढोल उचलून निघाले ते थेट सोलापुरात लेकाकडं. तेव्हापासून बोलणं बंद.

"माजं नाव इसरला असता तर चाललं असतं," मामी म्हणाल्या. "मी काय ढोल घिऊन जानार न्हवते."

मामा ऐकून न ऐकल्यासारखं करत होते. विषय बदलायला व्यंकटेशनं सातवाळूची गोष्ट सांगायला घेतली. मामांनी त्याला घामच फोडला. देवीचं गाव कुठलं, तिला पहिल्यांदा कुणी बघितलं, मेंढरं किती? व्यंकटेश थेट गाण्यावर आला. त्याच्या गोष्टीत पुजारीण टेकडीवर उभी राहून एकटीच गाते.

"एकलीच?" मामा हसले. "मग झील कोन धरतंय? देवी म्हनंल, हिच्या मागं कोनच न्हाय, मी कशाला थांबू?"

मामांनी चुलीत काटकी सारली. मग त्यांनी विचारलं, "त्या तुमच्या देशात म्या कुनाचंबी नाव घिऊ शकतो न्हवं?"

"घ्या की मामा."

ते उठले, कानावर हात ठेवला आणि आवाज लावला. मी मोबाईल चालू केला.

*पाठीशी गं माझ्या म्हाळू, त्याच्याबिगर गळा सुना*
*सात वाळूंची थेंबाई, एक थेंब देई पुन्हा*

"अवो, देवीच्या आदी म्हाळू?" मामी दचकल्या. "कोपंल की."

"नवी देवी हाय," मामा म्हणाले. "तिला कुटं रीत ठावं?"

प्रत्येक ओळीनंतर ते थांबत होते, म्हाळूतात्यांच्या आवाजाएवढं. एका जागी व्यंकटेशनं झील धरायला बघितलं तर शेळी दावं तोडायला लागली. मामी पदर तोंडात कोंबून हसल्या. सहा ओळींनी मामा बसले. पुढचं तो येईल तेव्हा, म्हणाले.

बाजरीची भाकरी आणि हुलग्याच्या पिठाचं पातळ माडगं खाऊन निघालो. पैसे काढले तर मामी रागावल्या. गाणं मात्र फोनवर मागून घेतलं, वर व्यंकटेशचा पत्ताही.

घरी येऊन व्यंकटेशनं गोष्ट बदलली. आता टेकडीवर दोघी गातात. गाण्यातल्या रिकाम्या जागांत त्यानं कॉम्प्युटरवरून आवाज भरून बघितला, आईनं ऐकायच्या आधीच पुसला. मी लई फिरते, कुठं फार टिकत नाही. फोटो हजार असतात. या वेळी टिकल्यात त्या गाण्यातल्या त्या रिकाम्या जागा. स्कूटर चालवताना मी त्यांत थांबते.

एवढं लिहीपर्यंत खालून व्यंकटेशच्या आईची हाक आली, दोन भाषांत मिळून. दारात वॉचमनच्या खाकी शर्टातले एक म्हातारबा आलेत, गळ्यात ढोल. सखूमामींनी त्यांना गाणं पाठवलं होतं म्हणे. आत यायला तयार नाहीत. आधी एवढंच सांगा म्हणतायत, बिऱ्यानं खरंच देवीच्या आधी नाव घेतलं, का मामींनी ओळी मागंपुढं करून पाठवलं?