वाकडं रूप

उंबरमाळीच्या वरच्या पाड्यावरच्या सावळीला लहानपणी मोठा हिवताप आला. त्या तापात तिची दोन भावंडं गेली. ती तेवढी उठून बसली. पुढे बुधूशी लग्न झालं. सोमी झाली, मग रविना.

रविना चालायला लागली आणि तिचे हातपाय सुजू लागले. थंडीत सांध्यांतून अशा कळा यायच्या की पोर चटई चावायची. भगताने अंगारा लावला. शेजारणी म्हणाल्या, करणी आहे.

२००३ साली रक्त तपासणारं पथक पाड्यावर आलं. महिन्याभराने नम्रता नावाची नर्स निकाल घेऊन आली. तिने सावळी-बुधूला समोर बसवलं.

"मावशी, रक्त घडवणारं एक जनुक असतं. प्रत्येकाला त्याच्या दोन प्रती मिळतात, एक आईची, एक बापाची. जनुक एकच, पण माणसामाणसांत त्याची रूपं वेगळी. तुम्हा दोघांकडे एक सरळ, एक वाकडं आहे. सोमीचंही तसंच. रविनाच्या वाट्याला मात्र दोन्ही वाकडी आली. तिच्या रक्तातल्या पेशी विळ्यासारख्या वाकतात, अडकतात."

"मंग मला कसा तरास नाय?"

"एकच वाकडं असलं तर सहसा होत नाही. उलट हिवतापाचा जोर अशांवर कमी चालतो. तुम्ही कदाचित त्यामुळेच वाचलात."

सावळी रविनाच्या सुजलेल्या बोटांकडे बघत राहिली. "म्हंजी मला ज्यानं वाचवलं, तेच माज्या पोरीला खातंय?"

बुधू म्हणाला, "मीपन दिलंय ना. तू एकटीच नाय गो."

गोळ्या सुरू झाल्या, कळा थोड्या कमी झाल्या. पण २००६च्या पावसाळ्यात, भाताच्या आवणीच्या दिवसांत रविनाला ताप चढला, छातीत दुखू लागलं. झोळीत घालून रस्त्यापर्यंत आणली, तिथेच ती गेली. बारा वर्षांची होती.

दोन वर्षांनी पलीकडच्या पाड्यावरच्या रोशनने सोमीला मागणी घातली. दोघांचं आधीपासून जमलेलं. सावळीने त्याला रक्त तपासायला लावलं. त्याचंही एक वाकडं निघालं.

"दर खेपेला पोर तसं होईलच असं नाय ना, आये?" सोमीने विचारलं.

"नाय. पन मी एक बघितलंय."

सोमीने शेवटी आईचं ऐकलं. रोशनला नकार कळवला आणि त्या दिवसापासून आईशी बोलणं सोडलं. पुढे वैशाखरे गावातल्या, दोन्ही सरळ निघालेल्या तरुणाशी तिचं लग्न झालं, मुलगा झाला, धडधाकट. बारशाला सावळी गेली तेव्हा सोमीने तिच्यापुढे चहा ठेवला आणि न बोलता आत निघून गेली.